न मारलेला हेडर

ड्रू पेट्रीला मी चेहऱ्यापेक्षा पाठीवरून जास्त ओळखतो. मी किनलॅथी या बंदराच्या गावच्या फुटबॉल क्लबाचा गोलरक्षक आणि तो माझ्या पुढे उभा राहणारा बचावपटू. खेळ मैदानाच्या पलीकडच्या टोकाला गेला की बाकीचे बचावपटू कमरेवर हात ठेवून दम खातात. ड्रूला ते कधी जमलं नाही. चार पावलं डावीकडे, चार उजवीकडे, बुटाच्या टोकानं गवत उकरायचं, मग मागे वळून मला विचारायचं, "सगळं ठीक ना, डॉड?"

"उभा आहे इथे. मला काय होणार आहे?" मी म्हणायचो. मिनिटभरानं पुन्हा तेच.

आयुष्यातही तो असाच. सोळाव्या वर्षी घर सोडून डंडी शहरातल्या एका मोठ्या क्लबात गेला, एकोणिसाव्या वर्षी तिथून सुटला. मग दोन वर्षं उत्तरेला डोंगराळ भागात, मग पश्चिम किनाऱ्यावर, मग इंग्लंडच्या खालच्या श्रेण्यांमधली तीन गावं, मध्येच एक हिवाळा नॉर्वेत. सतरा वर्षांत नऊ क्लब. विशेष म्हणजे त्याला कुठूनही काढलेलं नव्हतं. मॅनेजर लोक त्याला थांब म्हणायचे, पण वसंत आला की याला घरात बसवायचं नाही, झोप यायची नाही, आणि एक दिवस तो बायकोला सांगायचा की दुसरीकडून विचारणा झाली आहे. ऱ्होना केस कापायचं काम करायची. ती म्हणायची, केस सगळीकडे वाढतात म्हणून बरं, नाहीतर या माणसाबरोबर उपाशी मेले असते. त्यांची मुलगी इओना नऊ वर्षांची होईपर्यंत चार शाळा बघून झाल्या होत्या.

तरी सगळीकडे त्याला मागणी होती, ती हवेतल्या चेंडूमुळे. पायानं तो मंद होता, हे तो स्वतःच सांगायचा. पण हेडर, म्हणजे डोक्यानं चेंडू मारण्यात, त्याचा हात धरणारा आमच्या श्रेणीत कुणी नव्हता. मैदानाच्या कोपऱ्यातून मारलेला कॉर्नर आला की तो गर्दीतून असा वर निघायचा की खालच्यांना त्याच्या बुटाचे खिळे दिसावेत. कपाळावर बसलेल्या चेंडूचा आवाज मागच्या रांगेपर्यंत जायचा आणि चेंडू अर्धं मैदान ओलांडायचा.

तेहेतिसाव्या वर्षी तो किनलॅथीला परत आला. आमचा क्लब लहान. मंगळवारी आणि गुरुवारी सराव, शनिवारी सामना, आणि पोटापाण्यासाठी प्रत्येकाचं दुसरं काहीतरी. मी गावात टपाल वाटायचो. ड्रूनं वडिलांचं सुतारकाम धरलं. मुलीला एका जागी शाळा मिळावी म्हणून आलो, असं तो सांगायचा, पण खरं कारण गावाला माहीत होतं. ते रोज रस्त्यानं चालताना दिसायचं.

त्याचे वडील वॉटी पेट्री अकरा वर्षं किनलॅथीचे बचावपटू होते. त्यांनी दुसऱ्या क्लबाचा शर्ट कधी अंगाला लावला नाही. तेव्हाचा चेंडू कातड्याचा, पावसात भिजला की दगडासारखा व्हायचा, आणि वॉटी तो डोक्यावर घ्यायचे. आता ते एकाहत्तर वर्षांचे होते आणि बायको वारल्याचं त्यांना आठवत नव्हतं. त्यांचं चित्त घरात ठरायचं नाही. मंगळवार असो की बुधवार, पिशवीत बूट घालून, घरातल्या सपाता तशाच पायात, ते मैदानाच्या फाटकापाशी येऊन उभे राहायचे. समुद्रावरून धुकं आलेलं असलं तर दिसायचेही नाहीत. मग पाव घ्यायला निघालेली एखादी बाई किंवा कोळ्यांपैकी कुणी किंवा मी त्यांना हाताला धरून घरी पोचवायचो. ते भांडायचे नाहीत. फक्त विचारायचे, "शनिवारी कोण आहे समोर?" कुठल्याही गावाचं नाव सांगितलं की म्हणायचे, "त्यांचा नऊ नंबरवाला कोपर मारतो. जपून." आणि समाधानानं चालू लागायचे.

पहिला हंगाम बरा गेला. दुसऱ्या हंगामात आम्ही तळाशी अडकलो, आणि नववर्षानंतर मला काहीतरी खटकायला लागलं.

जानेवारीत घरच्या मैदानावर सामना होता, समुद्राकडून बोचरा वारा. उजवीकडून गोलासमोर उंच मारलेला एक सरळसाधा क्रॉस आला. ड्रूच्या कपाळावर ठेवल्यासारखा. त्यानं एक पाऊल मागे घेतलं आणि ओरडला, "डॉड, तुझा!" माझा तो अजिबात नव्हता. मी धावलो, त्यांच्या आघाडीवाल्यावर आपटलो, चेंडू कसाबसा मुठीनं बाहेर गेला आणि माझा खांदा निखळता निखळता वाचला. मला वाटलं, वाऱ्यानं अंदाज चुकला असेल. पुढच्या शनिवारी तसंच झालं. त्याच्या पुढच्या शनिवारी तो आधीच अशा जागी जाऊन उभा राहिला, जिथे चेंडू त्याच्या छातीवर येईल, डोक्यावर नाही. सरावात हेडरची वेळ आली की त्याच्या बुटाची नाडी सुटायची. बाकी कुणाला काही कळलं नाही, कारण बाकीचे त्याच्या मागे उभे राहत नव्हते.

एका रविवारी सकाळी मी त्याच्या वडिलांच्या शेडमध्ये गेलो. तो एका दाराला रंधा मारत होता.

"तू हेडर मारत नाहीस," मी म्हणालो.

"मारतो की."

"नववर्षापासून एकही नाही. मी मागे असतो, ड्रू. मला दिसतं."

रंधा चालूच राहिला. लाकडाचे कुरळे छिलके त्याच्या बुटांवर पडत होते. मग तो बोलायला लागला, पण हात थांबवले नाहीत, आणि माझ्याकडे पाहिलंही नाही.

नाताळाआधी तो वडिलांना घेऊन शहरात एका डॉक्टरीणबाईंकडे गेला होता. त्यांनी वॉटींना काही चित्रं दाखवली, वार विचारला, आणि मग ड्रूला विचारलं की वडील काय काम करायचे. सुतार, तो म्हणाला. त्या म्हणाल्या, दुसरं काही? फुटबॉल, तो म्हणाला. कुठल्या जागी खेळायचे? ते ऐकल्यावर त्यांनी लिहिणं थांबवलं. खात्रीनं काही सांगता येत नाही, असं त्या दोनदा म्हणाल्या. पण म्हाताऱ्या मुष्टियोद्ध्यांमध्ये असं पाहिलं आहे, आणि अलीकडे तुमच्या वडिलांसारखी माणसंही बरीच येतात, असंही म्हणाल्या.

"बाबा आठवड्यातून दोनदा सराव करायचे आणि शनिवारी सामना," ड्रू म्हणाला. "मी पूर्णवेळ होतो, डॉड. सतरा वर्षं रोज सकाळी. पन्नास चेंडू, साठ चेंडू. कुणी बस म्हणेपर्यंत. आणि मी बस म्हणू द्यायचो नाही."

"चेंडू आता हलके आहेत."

"वेगानंही येतात."

मग त्यानं दुसरी गोष्ट सांगितली. ऑक्टोबरात काम संपवून तो घरी निघाला होता. डोक्यात काहीतरी विचार चालू होते. तासभर गाडी चालवून तो पर्थच्या बाहेरच्या एका घरासमोर थांबला, दारापाशी गेला आणि किल्ली घातली. किल्ली फिरेना. आतून एका अनोळखी बाईनं दार उघडलं. ते घर त्यानं तीन वर्षांपूर्वी सोडलं होतं.

मी म्हणालो की नऊ गावं फिरलेल्या माणसाचं असं होऊ शकतं. तो म्हणाला, मीही स्वतःला हेच सांगतो. डॉक्टरकडे स्वतःसाठी दोनदा दिवस ठरवला होता, दोन्ही वेळा गेला नाही. ऱ्होनाला यातलं काही माहीत नव्हतं.

"मग खेळणं सोड ना," मी म्हणालो.

तेव्हा रंधा थांबला. "सोडून काय करू? घरी बसून वाट बघू?"

त्यानं माझ्याकडून शब्द घेतला की मी कुणाला सांगणार नाही, ऱ्होनाला तर नाहीच. मीही माझ्याकडून एक शब्द दिला, त्यानं न मागता. हवेतला प्रत्येक चेंडू यापुढे माझा.

फेब्रुवारी ते एप्रिल मी जन्मात आलो नव्हतो इतका पुढे आलो. गुडघे, कोपरं, खांदे, सगळ्यांमधून. आमच्या साप्ताहिकात छापून आलं की एकतिसाव्या वर्षी डॉड स्वांकीला धैर्य सापडलं. आईनं ते कापून फ्रिजवर लावलं. ड्रू माझ्यापुढे जागा मोकळी करायचा, समोरच्याला अंगानं अडवायचा, खाली पडलेला चेंडू लांब मारायचा. जमत होतं. पण बसमध्ये, कपडे बदलताना, सगळीकडे तो सारखा हलत असायचा, आणि मीही हलायला लागलो होतो. गुपित त्याचं होतं, पण धाव माझी होती.

आम्ही शेवटून दुसरे आलो. श्रेणीत टिकायचं तर खालच्या श्रेणीतल्या संघाला दोन सामन्यांत मिळून हरवायचं होतं. पहिला बरोबरीत सुटला. दुसरा मे महिन्यात, आमच्या मैदानावर. ऊन होतं, वारा होता, फाटकापाशी वॉटीही होते, शेजाऱ्याच्या हाताला धरून. पंचाऐंशी मिनिटं झाली तरी गोल नव्हता.

मग त्यांना कॉर्नर मिळाला. मी पुढे आलो, नेहमीसारखा. त्यांच्या एका दांडग्या गड्यानं मला पाठीनं रेटलं, रेफरीनं पाहिलं नाही, आणि चेंडू माझ्या मुठीच्या वीतभर वरून गेला. मी वळलो. मागे कुणीतरी डोकं लावलं होतं, फार जोर नव्हता त्यात. गोलरेषेवर ड्रू एकटा उभा होता. चेंडू त्याच्या कपाळाच्या उंचीवर येत होता, सावकाश, एखाद्यानं हातात द्यावा तसा. त्या वेळी मला त्याची पाठ नाही, चेहरा दिसत होता. तो उडी मारणार होता. गुडघे वाकले होते. आणि मग त्यानं मान बाजूला वळवली, आणि चेंडू त्याच्या कानाजवळून जाळ्यात गेला.

आम्ही खाली गेलो.

कपडे बदलायच्या खोलीत सगळे बूट उतरवत बसले. मग केर इंग्लिस उठला. बावीस वर्षांचा, ड्रूचा जोडीदार बचावपटू. हंगामभर तो ड्रूकडून शिकत होता, त्याच्यासारखीच दाढी ठेवली होती.

"तू घाबरलास," तो म्हणाला. "सगळ्या गावानं बघितलं. चेंडू आला आणि तू मान वळवलीस."

मॅनेजर त्याला बस म्हणाले, पण तेही ड्रूकडेच बघत होते. "काय झालं, ड्रू?"

"सूर्य डोळ्यात गेला," ड्रू म्हणाला.

त्या टोकाला दुपारी सूर्य प्रेक्षकांच्या स्टँडच्या मागे असतो. मी तिथे आठ वर्षं उभा होतो. सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, कारण ते मलाच ठाऊक असणार. मी वाकलो आणि मोजे काढायला लागलो. आजवर खाल्लेला प्रत्येक गोल मी विसरू शकतो, ते मोजे मात्र नाही.

पुढच्या आठवड्यात मी टपाल वाटत होतो आणि गाव माझ्याशी दारादारांतून बोलत होतं. मासे विकणाऱ्या बाईनं सांगितलं की वॉटीच्या पोटी असला पोरगा यावा हे नवलच. शाळेचा शिपाई म्हणाला, नऊ क्लबांनी का सोडला ते आता कळलं. मी पत्र द्यायचो आणि पुढे जायचो. गुरुवारी ड्रूच्या घरी पोचलो तर फाटकाला कुणीतरी सायकलवाल्यांचं हेल्मेट टांगून ठेवलं होतं. ऱ्होना ते सोडवत होती.

"तो म्हणतो सूर्य डोळ्यात गेला," ती म्हणाली. "तू तिथेच होतास. गेला होता?"

मी नाही म्हणालो, आणि मग थांबता आलं नाही. शेड, डॉक्टरीणबाई, पर्थचं घर, सगळं सांगितलं. ती पायरीवर बसली, हेल्मेट मांडीवर घेऊन.

"म्हणजे चार महिने तुला माहीत होतं," ती म्हणाली. "रोज सकाळी या दारात पत्रं टाकत होतास."

"त्यानं शब्द घेतला होता."

"हो का? मग मला काय वाटायचं सांगू? मला वाटायचं, त्याला पुन्हा निघायचं आहे. रात्रभर घरात फिरतो, बोलत नाही. मी खोकी काढून ठेवली होती, डॉड. पोरीला काय सांगायचं ते ठरवत होते."

संध्याकाळी ड्रू माझ्या दारात आला. आत आला नाही. एकच गोष्ट तुझ्याजवळ ठेवली होती, एवढंच म्हणाला आणि गेला. त्यानंतर तीन आठवडे तो मला पाहून रस्ता बदलायचा. या काळात ऱ्होनानं डॉक्टरांकडचा तिसरा दिवस ठरवला आणि स्वतः गाडी चालवत त्याला नेलं. काय झालं ते मला तिनंच सांगितलं. त्यांनी सगळं तपासलं. आज तरी काही दिसत नाही, दर वर्षी या. बस, इतकंच. तिला वाटलं होतं की तो सुटकेनं रडेल. पण तो परतीच्या रस्त्यावर 'आज तरी, आज तरी' म्हणत राहिला, आणि मध्येच गाडी थांबवायला लावून शेताच्या कडेनं मैलभर चालून आला.

जूनच्या शेवटी क्लबाच्या हॉलमध्ये समर्थकांची वार्षिक बैठक होती. दीडशे माणसं, बिअर, आणि मनात साठलेलं सगळं. खेळाडूंनी यायचं अशी पद्धत आहे. ड्रू आला आणि शेवटच्या रांगेत, दाराशी उभा राहिला. तिसऱ्याच प्रश्नाला कुणीतरी विचारलं की पेट्रीला पुढच्या वर्षी ठेवणार का, आणि ठेवणार असाल तर त्याला गॉगल घेऊन देणार का. हॉल हसला.

मी उठलो. काय बोलायचं ते ठरवलेलं नव्हतं. म्हणालो, "सूर्य स्टँडच्या मागे होता. ते मला त्या दिवशीच माहीत होतं आणि मी तोंड उघडलं नाही."

"बस खाली, डॉड," मागून ड्रू म्हणाला. "माझं मी सांगतो."

तो पुढे आला नाही, दाराशीच उभा राहून बोलला, एका पायावरून दुसऱ्या पायावर भार टाकत. "माझ्या वडिलांना तुम्ही सगळे ओळखता. ते सपाता घालून मैदानावर येतात तेव्हा तुम्हीच त्यांना घरी आणून सोडता. त्याबद्दल मी कधी आभार मानले नाहीत. तर डॉक्टर म्हणतात, ते हेडरमुळे असू शकतं. नसूही शकतं. माझं काय होईल ते कुणालाच माहीत नाही. मी हेडर मारणं बंद केलं आणि कुणाला सांगितलं नाही, ही माझी चूक. सांगितलं असतं तर मॅनेजरनी दुसरा कुणी उभा केला असता आणि आपण वर राहिलो असतो. घाबरलो होतो, हे खरं आहे. केर बरोबर बोलला."

मासे विकणारी बाई माझ्या समोरच बसली होती. ती हातातला ग्लास नुसता फिरवत राहिली. मग टाळ्या वगैरे काही झाल्या नाहीत, अध्यक्षांनी घसा साफ करून पुढचा विषय घेतला, आणि लोक नेहमीपेक्षा लवकर घरी गेले. पण फाटकावर पुन्हा काही टांगलं गेलं नाही.

बाहेर केर वाट बघत थांबला होता. मला वाटलं तो माफी मागेल. त्यानं विचारलं, "मग मीही बंद करू का?"

"मला विचारू नकोस," ड्रू म्हणाला. "मी सतरा वर्षं मारले आणि मला त्याच्याइतकं दुसरं काही आवडलं नाही. ऱ्होनाला सांगू नकोस, पण त्या दिवशी मान वळवली ती भीतीनं, आणि न वळवता चेंडू घेतला असता तरी तितकाच घाबरलो असतो. तू डॉक्टरांना विचार. आईला विचार. मग काय करायचं ते कर, पण चोरून करू नकोस."

त्यानं खेळणं तिथेच सोडलं. गावानं वाट पाहिली की आता हे कुटुंब निघेल. निघालं नाही. रोज दुपारी काम थांबवून तो वडिलांबरोबर चालायला जायचा, बंदरापर्यंत आणि परत, कारण वॉटींना चालल्याशिवाय चैन पडत नसे आणि त्यालाही. दोघं एकाच चालीनं चालायचे, मान थोडी पुढे. वॉटी त्याला कुठल्यातरी जुन्या संघातला गडी समजायचे आणि नऊ नंबरवाल्याबद्दल सावध करायचे. दुसऱ्या वर्षी फेब्रुवारीत ते गेले. मयताला सगळं बंदर लोटलं होतं. पेटी खड्ड्यात उतरवायच्या दोऱ्या जवळच्या माणसांनीच धरायच्या असतात; त्यांतली एक ड्रूनं मला दिली, तेव्हा मला कळलं की आमचं मिटलं आहे.

याला सहा वर्षं झाली. ड्रू अजून इथेच आहे, कुठल्याही गावात राहिला नव्हता इतका. दर जूनमध्ये तपासायला जातो आणि दर वेळी तेच ऐकून येतो. मे लागला की ऱ्होना त्याच्याशी भांडणं टाळते.

शनिवारी आम्ही दोघं सामन्याला जातो. मीही खेळणं सोडलं आहे. कॉर्नर मिळाला की ड्रू उठतो आणि जिन्यावर जाऊन उभा राहतो, मैदानाकडे पाठ करून. गेल्या शनिवारी असाच उठून गेला, आणि परत आला तेव्हा लोक अजून ओरडत होते.

"गोल?" त्यानं विचारलं.

"केरचा."

"डोक्यानं?"

"डोक्यानं."

तो बसला. माझ्या हातातल्या मटणाच्या पाईचा अर्धा तुकडा मोडून घेतला, पण तोंडात घातला नाही.

"कसा होता?" तो म्हणाला. "नीट सांग. सुरुवातीपासून."